राउल कुतारचा उजेड कुठून येतो?

छायालेखनाच्या दुसऱ्या वर्षाला असलेल्या एका विद्यार्थ्यानं विचारलंय : "राउल कुतार या फ्रेंच छायालेखकावर लिहायचं आहे. सगळीकडे एकच वाचायला मिळतं, की त्यानं दिवे बाजूला सारले आणि कॅमेरा हातात घेतला. एवढंच असेल तर त्यातून शिकायचं काय? शिवाय मला दहा बाय बाराच्या खोलीत पदविकेची फिल्म करायची आहे. तीन दिवे आहेत. कुतारचा मला काही उपयोग होईल का?"

होईल, आणि भरपूर होईल. पण त्याआधी ते "दिवे बाजूला सारले" प्रकरण डोक्यातून काढा. मी तीस वर्षांहून अधिक काळ कॅमेऱ्यामागे आहे आणि कुतारच्या फिल्म्स मी अक्षरशः मोजपट्टी घेऊन बघितल्यात. सावली कुठं पडतेय, डोळ्यात दिव्याचं प्रतिबिंब किती मोठं आहे, खिडकी किती जळालीय, म्हणजे अति उजेडानं पांढरी पडलीय. त्यातून माझ्या पदरात पडलेली गोष्ट एवढीच आहे : त्याच्याकडे दिवे होते. ते त्यानं कुणाच्या पायात येणार नाहीत अशा जागी नेऊन ठेवले. त्याची शैली म्हणून जे काही ओळखलं जातं त्यातलं बरंचसं या एका निर्णयातून निघालंय.

माणूस आधी समजून घेऊ. कुतारचा जन्म 16 सप्टेंबर 1924 चा, पॅरिसचा. त्याला रसायनशास्त्र शिकायचं होतं, पण फी परवडणारी नव्हती, म्हणून तो फोटोग्राफीकडे वळला आणि फोटो लॅबमध्ये कामाला लागला. हे लक्षात ठेवा, पुढं लागणार आहे. 1945 मध्ये तो फ्रेंच सैन्याबरोबर इंडोचायनाला, म्हणजे आजच्या व्हिएतनामच्या भागात, गेला आणि तिथंच बरीच वर्षं राहिला. सैन्यासाठी फोटो काढले, नंतर 'पारी मॅच' आणि 'रादार' या मासिकांसाठी काढले. तिथंच त्याची पिएर शोंडोर्फेरशी गाठ पडली. शोंडोर्फेर सैन्याचा चित्रफीत कॅमेरामन होता आणि 1954 मध्ये दिएन बिएन फू हा तिथला फ्रेंच तळ पडला तेव्हा कैद झाला होता. पुढं तो दिग्दर्शक झाला, अफगाणिस्तानात पहिली फिल्म करायला निघाला आणि छायालेखक म्हणून कुतारला घेऊन गेला. आपल्याला स्थिरचित्रणासाठी बोलावलंय अशा समजुतीनं कुतार हो म्हणाला होता, असं तो स्वतः सांगत असे. सिनेमाचा कॅमेरा त्यानं तोवर चालवलेला नव्हता. आणि पहिलंच काम रंगीत, तेही रुंद पडद्याच्या सिनेमास्कोपमध्ये.

स्टुडिओत दहा वर्षं असिस्टंट म्हणून काढली की हात एका ठराविक पद्धतीनं वळतात. नायिकेला कुठला दिवा, केसांच्या कडेला कुठला, मागच्या भिंतीवर सावली कशी नको. कुतारला यातलं काही शिकवलंच गेलं नव्हतं. त्याला ठाऊक होतं ते एवढंच, की समोर जे घडतंय ते परत घडणार नाही आणि उजेड आहे त्यात ते टिपायचंय.

निर्माता जॉर्ज द बोरगार यानं शोंडोर्फेरच्या फिल्म्सना पैसे लावले होते. 1959 च्या उन्हाळ्यात त्यानं कुतारला दिग्दर्शक झाँ-लुक गोदारच्या हाती दिलं. फिल्म होती 'आ बू द सूफ्ल', आपल्याकडे 'ब्रेथलेस' म्हणून ओळखली जाते ती. गोदारला रस्त्यावर, हॉटेलच्या खऱ्या खोलीत, रात्री रस्त्यावरच्याच दिव्यात शूट करायचं होतं. तेव्हाच्या सिनेमाच्या निगेटिव्हला रात्रीचा रस्ता दिसण्याइतकी संवेदनशीलताच नव्हती. मग त्यांनी इलफोर्ड कंपनीची एचपीएस ही फिल्म उचलली. ती स्थिरचित्रणाच्या कॅमेऱ्यासाठी बनायची आणि साडेसतरा मीटरच्या गुंडाळ्यांत मिळायची. हिशेब करून बघा. 35 मिमीच्या एका मीटरमध्ये साधारण साडेबावन्न चौकटी बसतात, म्हणजे एक गुंडाळी जेमतेम 38 सेकंद चालणार. म्हणून गुंडाळ्या एकमेकींना जोडून लांब रीळ केलं गेलं. स्थिरचित्रणाच्या फिल्मची भोकं सिनेमाच्या कॅमेऱ्याच्या दातांशी तंतोतंत जुळत नाहीत. पण एक्लेअर कंपनीच्या कामेफ्लेक्स कॅमेऱ्यात ती खपून गेली. राहिला प्रश्न धुलाईचा. ही निगेटिव्ह फेनिडोन असलेल्या वेगळ्या रसायनात जास्त धुवून तिची गती, म्हणजे उजेड टिपण्याची संवेदनशीलता, 400 वरून 800 पर्यंत खेचली. लॅबची यंत्रं तासाला हजारो मीटर एकाच द्रावणातून काढायची, त्यात ही वेगळी चूल कोण मांडणार? पण लॅबला गळ घालून ते करवून घेतलं. फोटो लॅबमध्ये हात काळे केलेला माणूस सोबत नसता तर एवढ्या तपशिलात शिरण्याचं धाडस या युनिटनं केलं असतं असं मला वाटत नाही.

कामेफ्लेक्स हातात धरता यायचा, पण त्याचा आवाज शिवणयंत्रासारखा. ध्वनी जागेवर घेणं शक्यच नव्हतं, सगळे संवाद नंतर भरले. ही अडचण गोदारनं वापरून घेतली. शॉट चालू असताना तो कॅमेऱ्याशेजारून नटांना वाक्यं सांगायचा. ट्रॉली नव्हती तेव्हा कुतार चाकाच्या खुर्चीत बसायचा आणि गोदार खुर्ची ओढायचा. पॅरिसच्या शाँझेलिझे रस्त्यावरच्या दृश्यासाठी टपालखात्यासारख्या हातगाडीत कुतारला बसवलं, गाडीला भोक पाडलं, आणि जाणाऱ्या-येणाऱ्यांना कॅमेरा दिसलाच नाही.

इथपर्यंतची कहाणी तुम्ही वाचली असेलच. बहुतेक लेख इथंच थांबतात आणि म्हणून तुमच्यासारख्यांचा गैरसमज होतो. खरं काम यानंतर सुरू झालं.

पुढची फिल्म 'ल पती सोल्दा' 1960 मध्ये जिनिव्हात शूट झाली. अल्जीरियाच्या युद्धाचा विषय असल्यामुळे फ्रान्समध्ये ती 1963 पर्यंत अडवून ठेवली होती. तीत पुष्कळ प्रसंग लहान, खऱ्या खोल्यांत आहेत आणि गोदारला नटांनी कुठंही फिरावं असं हवं होतं. खुणा नाहीत, ठरलेली जागा नाही. आता खोलीत स्टँडवर दिवा ठेवला की काय होतं ते तुम्ही अनुभवलं असेल. दिव्यापासून एक मीटरवर उभ्या असलेल्या नटापेक्षा तीन मीटरवरच्या नटाला नवव्या हिश्शानं उजेड मिळतो, म्हणजे तीन स्टॉपचा फरक (एक स्टॉप म्हणजे उजेड दुप्पट किंवा निम्मा). म्हणून नटाला खुणेवर थांबावं लागतं आणि कॅमेरा वळवला की दिवा फ्रेममध्ये येतो. कुतारनं खिडकीच्या वरच्या अंगाला फोटोफ्लड दिव्यांची रांग लावली आणि त्यांची तोंडं छताकडे केली. फोटोफ्लड म्हणजे जास्त विद्युतदाबानं जळणारे साधे काचेचे बल्ब. हलके, स्वस्त, थोडेच तास टिकणारे, पण भरपूर उजेड देणारे. उजेड छतावर आपटून सगळ्या खोलीत उतरायचा. आता अख्खं छतच दिवा झालं. एवढ्या मोठ्या पृष्ठभागाखाली माणूस या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात गेला तरी भिंगाचं ॲपर्चर फारसं हलवावं लागत नाही. जमिनीवर स्टँड नाही, केबल नाही, उजेड अडवणारा कटर नाही. कॅमेरा गोल फिरवला तरी चालतो.

आणि दिवे खिडकीवरच का, याचा विचार करा. खोलीच्या मध्यभागी लावले असते तरी उजेड पसरला असताच. पण खिडकीच्या बाजूनं आला की डोळ्याला तो खिडकीचाच वाटतो. चेहऱ्याची खिडकीकडची बाजू किंचित उजळ राहते, दुसरी किंचित मावळते. "नैसर्गिक प्रकाश" म्हणून ज्याचं कौतुक होतं तो पुष्कळदा हाच, बांधून तयार केलेला उजेड आहे.

आपल्या लोकांनी इथं एक गोष्ट जरूर सांगावी. परतवलेल्या उजेडाची ही कल्पना कुतारच्या आधी कोलकात्यात प्रत्यक्षात आली होती. सत्यजित राय यांच्या 1956 च्या 'अपराजितो'साठी बनारसच्या घराचा चौक स्टुडिओत उभा करावा लागला होता. चौकात आकाशातून येतो तसा सावली न टाकणारा उजेड छायालेखक सुब्रत मित्र यांना हवा होता. त्यांनी सेटच्या वर पांढरं कापड ताणलं आणि खालून दिवे त्यावर मारले. तेव्हा ते पंचविशीतच होते. कुतारनं त्यांचं बघून केलं असं मी म्हणत नाही, तसं म्हणायला काही आधार नाही. पण तुमच्या निबंधात "जगात पहिल्यांदा" असे शब्द आले तर ते खोडा.

रंग आले तेव्हा ही पद्धत खऱ्या कसोटीला लागली. 1961 च्या 'यून फाम ए यून फाम'साठी गोदारनं स्टुडिओत फ्लॅट बांधून घेतला, पण खऱ्या घरासारखं वर छत असलेला. भिंती काढून कॅमेरा मागं न्यायची सोय नाही, वरून दिवे टांगायची सोय नाही. कुणालाही हा हट्टीपणा वाटेल. पण त्यामुळेच त्या फिल्ममधला पांढरा रंग असा आहे की लाल छत्री किंवा निळं जाकीट त्यावर शाईसारखं उमटतं. छतावरून परतलेला उजेड सपाट असतो, आणि सपाट उजेडात रंग स्वतःच बोलतो, त्याला सावलीची झालर लागत नाही. 1963 च्या 'ल मेप्री'मध्ये याचं फळ दिसतं. रोममधल्या फ्लॅटमधलं नवरा-बायकोचं भांडण सुमारे अर्धा तास चालतं. पांढऱ्या भिंती, लाल कोच, तिच्या अंगाभोवती लाल टॉवेल. ती दोघं खोल्या बदलतात, दारं उघडतात-लावतात, आंघोळ करतात, आणि उजेड कुठंही त्यांच्या आड येत नाही.

या फ्लॅटमधला एक शॉट थांबून थांबून बघा. दोघं समोरासमोर बसलीत, मध्ये पांढऱ्या शेडचा टेबललॅम्प. कॅमेरा त्याच्यावरून तिच्यावर, तिच्यावरून त्याच्यावर सरकत राहतो, आणि तो नवरा बोलता बोलता दिवा लावतो, विझवतो. कॅमेरा संवादाच्या मागं धावत नाही. बोलणारा फ्रेमबाहेर असतो तेव्हाही तो आपल्या चालीनं जातो. तसला शॉट छायालेखक धजून करतो तो खोलीतला मूळ उजेड पक्का असेल तेव्हाच. लॅम्प विझल्यावर काळोख होत नाही, फक्त दोघांमधलं काहीतरी विझतं.

याच फिल्मच्या सुरुवातीला कुतार स्वतः दिसतो. रोमच्या चिनेचित्ता स्टुडिओच्या आवारात रुळांवरून ट्रॉली आपल्याकडे येते, वर मिचेल कॅमेरा घेऊन तो बसलाय. जवळ आल्यावर तो कॅमेरा आपल्याकडे वळवतो आणि भिंग खाली झुकवत थेट आपल्यावर रोखतो. श्रेयनामावली लिहिलेली नाही, गोदारच्या आवाजात वाचलीय. छायालेखकाला इतक्या मानानं फिल्मच्या दारात उभं केल्याचं दुसरं उदाहरण मला तरी पटकन आठवत नाही.

आता त्याच्या कामाची व्याप्ती, थोडक्यात. 1959 ते 1967 मध्ये गोदारनं पंधरा पूर्ण लांबीच्या फिल्म्स केल्या, त्यातल्या 'मास्क्युलँ फेमिनँ' वगळता सगळ्या, म्हणजे चौदा, कुतारच्या. आणि त्या एकमेकींसारख्या मुळीच दिसत नाहीत. 'ले काराबिनिए'मध्ये मधले राखाडी रंग जवळजवळ पुसलेत, जुनी युद्धाची चित्रफीत वाटावी असं. 'व्हिव्ह्र सा व्ही'मध्ये आवाज जागेवर घ्यायचा होता, म्हणून जड मिचेल कॅमेरा आला आणि शॉट स्थिरावले. 'आल्फाव्हिल'मध्ये भविष्यातलं शहर दाखवण्यासाठी एकही सेट नाही. 1965 च्या पॅरिसमधल्या नव्या, काचेच्या इमारती, रात्र, आणि तीच वेगवान निगेटिव्ह. 'पिएरो ल फू'मध्ये दोघं रात्री गाडीतून जातात तेव्हा काचेवरून लाल, हिरवे, पिवळे ठिपके कमानीसारखे सरकतात. गाडी उभीच आहे, दिवे फिरवलेत. हातात कॅमेरा घेऊन खऱ्या रस्त्यावर उतरणारा हाच माणूस, आणि इथं त्यानं रस्त्याचं सोंग उघडउघड केलंय. 'वीकएंड'मधल्या वाहतूक कोंडीच्या शॉटसाठी तर सुमारे 300 मीटर रूळ टाकले होते. ज्याला "हातातल्या कॅमेऱ्याचा बादशहा" म्हणतात त्यानं केलेला हा रुळांवरचा शॉट आहे, हे विसरू नका.

गोदारबाहेर त्यानं केलेलं काम मला तितकंच महत्त्वाचं वाटतं. जाक दमीची 'लोला' नांत शहरात शूट झाली. तिच्यात खिडक्या पांढऱ्याफटक जळाल्यात आणि माणसं त्या उजेडात कडेनं विरघळतात. स्टुडिओत वाढलेल्या कुठल्याही छायालेखकानं ती चूक म्हणून सुधारली असती. कुतारनं ती ठेवली, आणि त्या बंदरगावाला जे स्वप्नाळूपण आलंय ते तिच्यामुळेच. दिग्दर्शक फ्रांस्वा त्रुफोसाठी त्यानं 'ज्यूल ए जिम' केली. पुलावरच्या शर्यतीत कॅमेरा तिघांबरोबर धावतो तेव्हा फ्रेम हिंदकळते, तरी झान मोरोचा चेहरा हरवत नाही. त्रुफोशी मात्र 1968 च्या 'ला मारिए एते आँ न्वार'वर रोज खटके उडाले आणि दोघांनी पुन्हा एकत्र काम केलं नाही. ती रंगीत फिल्म बघताना मलाही त्यात जीव कमी वाटतो. दिग्दर्शक आणि छायालेखक एका सुरात नसले की ते पडद्यावर झाकत नाही.

मग कोस्ता-गाव्हरासची 'झेड'. ग्रीसची गोष्ट, पण शूटिंग अल्जीरियात. गर्दी, लाठीमार, पळापळ यात कुतारचं युद्धातलं शिक्षण उघड दिसतं : तो नेहमी अशा जागी असतो जिथं त्या क्षणी एखादा वार्ताहर असू शकला असता. डोळे उघडे ठेवलेत तर शस्त्रक्रियेच्या दृश्यात सर्जन म्हणूनही तो सापडेल. 1970 मध्ये त्यानं व्हिएतनामच्या युद्धातल्या मुलांवर 'होआ बिन्ह' ही फिल्म स्वतः दिग्दर्शित केली. तिला झाँ व्हिगो पुरस्कार मिळाला आणि परदेशी फिल्म म्हणून ऑस्करचं नामांकनही. 1977 मध्ये जुना सोबती शोंडोर्फेरची 'ल क्राब-तांबूर' आली, उत्तर अटलांटिकमधल्या नौदलाच्या जहाजावर शूट केलेली. तिच्यासाठी त्याला छायालेखनाचा सेझार हा फ्रेंच चित्रपट-पुरस्कार मिळाला. त्या फिल्ममधला समुद्र शिशाच्या रंगाचा आहे. जहाजाच्या आत माणसं त्याच समुद्राच्या उजेडात बसलेली दिसतात. त्याच्या सगळ्या कामात मला हे सर्वांत गंभीर वाटतं, आणि दुर्दैवानं विद्यार्थी तिथवर पोचतच नाहीत.

पंधरा वर्षांनी तो गोदारकडे परतला, 1982 च्या 'पासिओं'साठी. तिच्यात एक दिग्दर्शक रेम्ब्रांट, गोया, दलाक्र्वा यांची चित्रं जिवंत माणसांकडून सेटवर उभी करतोय आणि त्याला हवा तो उजेड काही सापडत नाही. आयुष्यभर दिवे लपवणाऱ्या माणसाला इथं चित्रकारांसारखा उजेड रचायचा होता. तो त्यानं रचला, आणि कान महोत्सवात तांत्रिक कामासाठीचा सन्मान मिळाला. ज्यांना अजूनही वाटतं की कुतारला प्रकाशयोजना "येत नव्हती", त्यांनी 'पासिओं'मधली ती रेम्ब्रांटची 'रात्रीची गस्त' बघावी.

आता तुमची दहा बाय बाराची खोली.

आधी मान वर करून छत बघा. ते पांढरं आहे का? माझी सुरुवातीची एक टेलिफिल्म पुण्यातल्या एका वाड्यात होती. कुतार डोक्यात भिनलेला होता, दिवे सगळे वर मारले. छत लाकडी तुळयांचं, काळपट, त्यानं उजेड गिळून टाकला. मग मी दिवे भिंतीवर फिरवले. भिंतीला पोपटी ऑइलपेंट होता. शूटिंगच्या वेळी डोळ्याला काही जाणवलं नाही, कारण डोळा सवय करून घेतो. लॅबमधून प्रिंट आली तेव्हा नायिकेचा चेहरा काविळीतून उठल्यासारखा. लॅबवाल्यांनी हिरवा कमी केला तर तिच्या लुगड्याचा पांढरा काठ गुलाबी झाला. दोन दिवसांचं काम आम्हाला परत करावं लागलं. परतलेला उजेड ज्या पृष्ठभागावरून येतो त्याचा रंग घेऊनच येतो. कुतारला पांढरी छतं मिळाली, आणि नाही मिळाली तिथं त्याला काळ्या-पांढऱ्या फिल्मचा आधार होता.

छत पांढरं नसेल तर दोन थर्माकोल किंवा एक पांढरी चादर वर ताणून बसवा, खिडकीकडच्या बाजूला. दोन दिवे तिथं मारा. लाइटमनला सांगा की दिवे खिडकीच्या चौकटीच्या वर, क्लॅम्पनं बसवायचेत, स्टँड नको. छतापासून हातभर अंतर ठेवा, नाहीतर वर एक तापलेला गोल दिसेल आणि उजेड पसरणार नाही. तिसरा दिवा लगेच लावू नका.

आधी उजेड मोजायचा लाइटमीटर घेऊन खोलीच्या चारी कोपऱ्यांत जा. अर्ध्या-पाऊण स्टॉपपेक्षा जास्त फरक आला तर थर्माकोल हलवा, दिवा नको. मग नटाला खोलीत मोकळं सोडा आणि बघा. वरून येणाऱ्या उजेडाचा एक दोष तुम्हाला लगेच दिसेल : डोळ्यांच्या खोबणीत काळं राहतं. कुतारनं ते बऱ्याचदा तसंच राहू दिलं. तुम्हाला खटकत असेल तर टेबलावर पांढरा कागद, मांडीवर वर्तमानपत्र, जमिनीवर फिकट सतरंजी, असं फ्रेममध्ये शोभेल ते काहीतरी ठेवा. खालून थोडा उजेड परततो आणि डोळे उघडतात. एवढं करूनही कमी पडलं तरच तिसरा दिवा.

एक फरक मात्र ध्यानात घ्या. एचपीएसला 800 पर्यंत न्यायला त्या लोकांनी लॅबचे उंबरे झिजवले. तुमचा कॅमेरा बहुधा 800 वरच सुरू होतो. म्हणजे उजेड कमी पडणं ही तुमची अडचण नाहीच. तुम्हाला तो जास्त आहे आणि चारी बाजूंनी आहे : ट्यूबलाइट, मोबाइल, शेजारच्या इमारतीच्या काचा. तेव्हा आधी ट्यूब बंद करा, नको असलेली खिडकी काळ्या कापडानं झाका, आणि कुठली खिडकी खरी मानायची ते ठरवा. कुतारच्या प्रत्येक खोलीत हे ठरलेलं असतं.

बघण्याचा क्रम विचाराल तर 'ल पती सोल्दा'पासून सुरू करा, 'ब्रेथलेस'पासून नको. मग 'लोला', मग 'ल मेप्री'तला फ्लॅट, मग थेट 'ल क्राब-तांबूर'. आणि शेवटी फिलिप गारेलची 2001 ची 'सोव्हाज इनोसाँस' बघा. काळी-पांढरी, रुंद पडद्याची. ती केली तेव्हा कुतार पंचाहत्तरी ओलांडून गेला होता, आणि ती त्याची शेवटची फिल्म ठरली. 8 नोव्हेंबर 2016 रोजी, वयाच्या 92 व्या वर्षी तो गेला. या फिल्ममध्ये दोन माणसं साध्या खोलीत बोलत असतात तेव्हा थांबवा आणि दिवा कुठं असेल ते वहीत काढून बघा. मग तेच रेखाटन घेऊन तुमच्या खोलीत जा.